मुकी फेरी

शाळेला प्रोजेक्टर कारखान्याने दिला आणि प्रोजेक्टरबरोबर एक माहितीपट दिला. माहितीपट कारखान्याचाच होता. लाकडाच्या ओंडक्यापासून वहीच्या पानापर्यंत कागद कसा होतो, ते त्यात बावीस मिनिटांत दाखवले होते. आमची निम्म्याहून अधिक मुले कारखान्याच्या वसाहतीतली, त्यामुळे कागद कसा होतो हे त्यांना सांगायची कोणाला गरज नव्हती. पण पडद्यावर बापाच्या टोपीचा शेंडा जरी दिसला तरी अख्खा वर्ग उठून उभा राहायचा, आणि मोठ्या बाईंना ते शिस्तीच्या दृष्टीने पसंत नव्हते.

मोठ्या बाई म्हणजे आमच्या मुख्याध्यापिका. त्या माहितीपटाला शेवटपर्यंत ‘सिनेमा’च म्हणाल्या. व्हरांड्यात गाठ पडली की विचारायच्या, “झाला का सिनेमा? आता जरा शिकवा.”

भूगोल माझ्याकडे होता आणि कागद भूगोलात येतो, म्हणून प्रोजेक्टर माझ्याकडे आला. कारखान्याचा एक माणूस अर्धा दिवस येऊन तो चालवायला शिकवून गेला. फिल्म कशी ओवायची, तुटली तर कशी जोडायची, सगळे त्याने करून दाखवले. तुटलेली दोन्ही टोके सरळ कापायची, एका टोकावरचा थर ब्लेडने खरवडायचा, उग्र वासाचा एक चिकट द्राव लावायचा आणि दाबून धरायचे. प्रत्येक जोडात दोन-चार चित्रे जातात, कडेची भोके फाटली असतील तर आणखी जातात. पण सेकंदाला चोवीस चित्रे पळत असल्याने कोणाला काही कळत नाही, असे तो म्हणाला.

चित्रकलेच्या खोलीच्या खिडक्यांना काळा कागद चिकटवून आम्ही अंधार केला. तरी चित्र फिकटच दिसे. दिव्यापुढे उष्णता अडवणारी एक काच होती, ती उजेडही अडवत असे. पहिल्याच महिन्यात मी ती काच काढून कपाटात ठेवली. चित्र शेवटच्या बाकापर्यंत लख्ख दिसू लागले. एवढेच झाले, की आता फिल्म मध्ये थांबवता येत नव्हती. थांबवली तर दिव्यासमोरचे चित्र जळणार. मी थांबवत नसे.

अशी दोन वर्षे गेली. तिसऱ्या वर्षी सातवीतल्या एका मुलीच्या वडिलांचा उजवा हात कारखान्यातल्या कागद दाबणाऱ्या रुळांत गेला. ही मुलगी चणीने लहान, आणि एका जागी बसणे तिला ठाऊक नव्हते, म्हणून सगळी शाळा तिला मुंगी म्हणायची. हजेरीत तिचे नाव दुसरे होते. ते पुकारले की तीच क्षणभर इकडेतिकडे पाहायची.

अंगठा राहिला, चार बोटे गेली. कारखान्याने चौकशी केली आणि कागद काढला. यंत्र बसवले त्या दिवसापासून रुळांसमोर संरक्षक जाळी आहे. कामगाराने ती स्वतःच्या सोयीसाठी काढली. सबब चूक कामगाराची. चूक कामगाराची ठरली की नोकरी जाते, आणि नोकरी गेली की वसाहतीतले घर सोडावे लागते. मुंगीच्या वडिलांचे म्हणणे एकच होते. जाळी कधी नव्हतीच, ती अपघातानंतर चौथ्या दिवशी बसवली. बरोबरचे कामगार कोपऱ्यात घेऊन हो म्हणत आणि चारचौघांत गप्प बसत. मुंगीच्या वडिलांनी कामगार खात्याकडे अर्ज केला. खात्याचे साहेब सहा आठवड्यांनी येणार होते.

तो कागद माझ्या घरातूनच गेला होता म्हटले तरी चालेल. आमचे हे कारखान्याच्या कचेरीत होते. टाइप त्यांनी केला होता.

“तुम्ही जाळी पाहिली होती का?” मी विचारले.

“मी टाइपरायटर पाहतो,” हे म्हणाले. “त्यालाही जाळी नाही.”

मुंगी दहा-बारा दिवसांनी शाळेत परत आली. त्याच आठवड्यात एका मंगळवारी प्रोजेक्टरचा स्पीकर बंद पडला. आमच्या शिपाईमामांनी त्याला दोन थपडा मारल्या, कान लावून पाहिला आणि निदान केले, “दातखीळ बसली, बाई. हा आता बोलत नाही.”

खोलीत अंधार झालेला, चाळीस मुले बसलेली. तास फुकट घालवायचा नव्हता. मी म्हटले, “चालू दे मुकाच. आवाज आज तुम्ही द्यायचा. जे दिसेल ते बोलायचं. जे दिसत नाही ते बोलायचं नाही.”

मुलांना खेळ आवडला. पहिली काही मिनिटे नुसता गोंधळ होता.

“ओंडके आले!”

“ट्रकमधून आले. ट्रकचा एक दिवा फुटलाय.”

“तो माणूस पडलाय.”

“पडला नाही, झोपलाय. माझा काका आहे तो. तो असाच असतो.”

मी दोन वर्षांत तो काका पाहिला नव्हता. फुटका दिवाही नव्हता पाहिला. मला गंमत वाटत होती आणि थोडे अवघडल्यासारखेही होत होते.

चौदाव्या मिनिटाला रुळांचे यंत्र येते. एरवी इथे माहितीपटातल्या निवेदकाचा भारदस्त आवाज म्हणायचा, “कामगारांच्या सुरक्षिततेसाठी प्रत्येक यंत्राला जाळी बसवलेली आहे.” त्या वाक्याएवढेच ते दृश्य होते, तीन सेकंदांचे. एक माणूस वाकून कागदाचे टोक रुळांत देतो.

“बाबा,” मुंगी म्हणाली.

 मग मागच्या बाकावरून एका मुलीचा आवाज आला. तिला आम्ही वकीलबाई म्हणत असू. गृहपाठ का केला नाही याची ती कधी एक सबब सांगत नसे, तीन सांगायची.

“बाई, जाळी कुठंय?”

जाळी हा शब्द त्या दिवसांत वसाहतीतल्या प्रत्येक घरात होता. चाळीस मुले एकदम ओरडली, “थांबवा, बाई! मागे घ्या!” थांबवता येत नव्हते. शेवटपर्यंत चालू दिली, उलटी गुंडाळली, पुन्हा लावली. जाळी नव्हती. माणूस आणि रूळ यांच्यामध्ये काहीच नव्हते.

दोन वर्षे मी ही फिल्म दाखवत होते. आवाज जाळी म्हणायचा आणि मला जाळी दिसायची. कोणी शपथेवर विचारले असते तर मी तिचा रंगही सांगितला असता.

घरी आल्यावर मी यांना सांगितले. हे जेवत होते.  मग हात धुऊन आले आणि म्हणाले, “तू त्या दिव्यापुढची काच काढलीस, ती का?”

“नीट दिसावं म्हणून.”

“मग त्यानंही काढली असेल. काम उरकावं म्हणून. अगं, माणूस आहे.”

“फिल्म दोन वर्षांपूर्वीची आहे. तुमच्या कागदात पहिल्या दिवसापासून जाळी आहे.”

“माझा कागद नाही तो.”

“टाइप कोणी केला?”

“बोटांनी,” हे म्हणाले आणि वर्तमानपत्र उघडले. थोड्या वेळाने वर्तमानपत्रामागून आवाज आला, “मी आज काही ऐकलेलं नाही.” यांनी ते शेवटपर्यंत पाळले. कचेरीत एक शब्द बोलले असते तर फिल्म दुसऱ्या दिवशी परत मागवली गेली असती. दुसरी प्रत होती, पण ती कारखान्याच्याच कपाटात. मुलांनी घरोघर सांगितले असणारच, पण वसाहतीतले कोणीही कचेरीपुढे तोंड उघडत नसे.

मुंगीने आईला सांगितलेच होते. दोन दिवसांनी ती बाई शाळेत आली. दारातच उभी राहिली, खुर्ची दिली तरी बसली नाही.

“बाई, तो पिच्चर साहेबांना दाखवाल का?”

“यंत्र कारखान्याचं आहे हो,” मी म्हटले.

“नवरा पण कारखान्याचाच होता,” ती म्हणाली.

मी तिला मोठ्या बाईंकडे घेऊन गेले. माझ्या डोक्यावरचे ओझे त्यांच्या डोक्यावर द्यावे, एवढाच विचार होता. मोठ्या बाईंनी सगळे ऐकून घेतले, चष्मा पुसला, आणि मला म्हणाल्या, “वेळापत्रकात तुमचा सिनेमा कधी असतो?”

“मंगळवारी. तिसरा तास.”

“सरकारी अधिकारी शाळेचा पाठ बघायला आले तर मी त्यांना अडवू शकते का?”

“नाही.”

“मग झालं. मला वेगळं काही सांगू नका. आणि मुलं उठून उभी राहता कामा नयेत.”

मोठ्या बाईंबद्दल माझे मत त्या दिवशी बदलले. त्यांचे माझ्याबद्दलचे बदलले की नाही, ते कधी कळले नाही.

साहेब यायला पाच आठवडे होते. इथून पुढे जे झाले ते सर्वस्वी माझे काम आहे. दुसऱ्या कोणी असे केले नसते. पोलिसाने ती फिल्म कुलपात ठेवली असती, वकिलाने ठेवली असती, साध्या घरगुती बाईनेही कपड्यांच्या घडीखाली ठेवली असती. मी शिक्षिका होते. एखादी गोष्ट पक्की व्हायची तर मला एकच उपाय ठाऊक होता, उजळणी.

स्पीकर दुरुस्त होऊन आला. मी सहावीला फिल्म आवाजासकट दाखवली आणि विचारले, जाळी कोणी पाहिली? बत्तीस हात वर झाले. मग मुकी दाखवली. एकही हात वर नाही. मला इतका आनंद झाला की मी तोच पाठ पाचवीवर केला, मग आठवीच्या दोन्ही तुकड्यांवर. मुलांनी त्याला मुकी फेरी नाव दिले. आधी बोलती फेरी, मग मुकी फेरी. मुले आता ढगांच्या, नद्यांच्या चित्रांवरही भांडू लागली, “तुला दिसलं का, की तुला सांगितलं?” मोठ्या बाई एकदा मागे येऊन उभ्या राहिल्या आणि तशाच परत गेल्या. माझ्या अठ्ठावीस वर्षांच्या नोकरीत मी इतके चांगले शिकवल्याचे मला दुसरे आठवत नाही.

सातवीची तयारी तर रोजच चालली होती. साहेब आले की कोणी गोंधळायला नको, सगळ्यांना नेमके दिसायला हवे. रुळांचे दृश्य गेले की दिवा बंद करायचा, फिल्म तेवढीच मागे घ्यायची, पुन्हा लावायची. तेवढाच तुकडा दातेरी चाकावरून पुढेमागे ओढला जात होता. दुसऱ्या आठवड्यात तो तिथेच तुटला. मी कापला, खरवडला, जोडला, आणि कापलेले तुकडे टोपलीत टाकले. मामांनी टोपली रिकामी केली. चार दिवसांनी पुन्हा तुटला. मग शेजारची भोके फाटली. पाच आठवड्यांत त्या एका जागी मी सहा जोड दिले. प्रत्येक जोड सुबक होता. जोड देण्यात माझा हात बसला होता.

साहेब यायच्या आदल्या सोमवारी मी फिल्म खिडकीशी धरली आणि तो भाग पहिल्यांदा मोजला. चित्रे नखाएवढी, मोजता येत होती, पण त्यांत जाळी आहे की नाही ते नुसत्या डोळ्याने कळत नव्हते. तीन सेकंदांची बहात्तर चित्रे असायला हवी होती. एकोणीस उरली होती.

मी मामांना विचारले, “मामा, टोपलीतला कचरा कुठे टाकता?”

“जाळतो की, बाई. रोजच्या रोज.” मग माझ्याकडे पाहून म्हणाले, “तुम्हीच सांगितलं होतं, साठवू नका म्हणून.”

सांगितले होते.

मंगळवारी, मुंगीच्या आईच्या विनंतीवरून, खात्याचे साहेब आधी शाळेत आले. सर्दीने बेजार झालेले, आडव्या बांध्याचे गृहस्थ होते. मागच्या बाकावर बसले, पण गुडघे आत जाईनात, म्हणून एक पाय वाटेत पसरून बसले. मोठ्या बाई त्यांच्या शेजारी ताठ बसल्या. मुंगीची आई भिंतीशी उभी होती. मुंगीचे वडील आले नव्हते. कारखान्याच्या कोणत्याही वस्तूजवळ त्यांनी जाऊ नये, असे त्यांना बजावले होते आणि त्यांनी प्रोजेक्टरही त्यात धरला होता.

पहिली फेरी बोलती केली. साहेबांनी मान डोलावली, नाक पुसले.

“वाक्य तुटतंय, पण जाळी बसवली आहे असं म्हणतोय तो,” ते म्हणाले.

“म्हणतोय, साहेब. आता आवाज बंद करून बघा.”

दुसरी फेरी मुकी. बारावे मिनिट झाले, तेरावे झाले, आणि मुलांचे श्वास बदललेले मला प्रोजेक्टरजवळ ऐकू आले. दृश्य यायच्या आधीच, अगदी एक क्षण आधी, अख्खा वर्ग एका सुरात म्हणाला, “जाळी नाही!”

पाढे म्हणावेत तसे म्हणाला. दृश्य आले आणि गेले. पापणी लवायला लागतो तेवढा वेळ.

साहेबांनी रुमाल खिशात ठेवला. मग म्हणाले, “बाई, हात दिसला. रूळ दिसले. पुढचं मला काही दिसलं नाही.”

“साहेब, तिथे!” मुले ओरडली. “नाहीच आहे जाळी! आम्हाला दिसतं!”

“तुम्हाला दिसणारच, बाळांनो. तुम्हाला शिकवलंय.” ते रागाने बोलले नाहीत. मला म्हणाले, “दृश्य दिसायच्या आत उत्तर आलं. मी याचं काय लिहू?”

वकीलबाई उभी राहिली. “पण साहेब, शिकवलेलं खोटंच असतं का?”

“खाली बस,” मोठ्या बाई म्हणाल्या.

“मला एकदा दाखवा,” साहेब म्हणाले, “पण थांबवून. चित्र स्थिर ठेवा, मी जवळून बघतो. तेवढं झालं की पुरे.”

“थांबवलं तर जळेल,” मी म्हटले. “काच काढलेली आहे.”

“कोणी काढली?”

“मी.”

 मी कपाटाकडे गेले. काच होती, पण दोन वर्षे खडूच्या खोक्यांखाली पडून तिला मधोमध तडा गेला होता आणि खाचेत बसवायला गेले तेव्हा तिचे दोन तुकडे हातात आले. साहेब घड्याळ पाहत होते. त्यांना दुपारी कारखान्यात पोचायचे होते आणि अहवाल त्याच दिवशी द्यायचा होता. मी मुंगीच्या आईकडे पाहिले. जळेल म्हणजे काय, ते तिला नीट कळले असावे असे मला वाटत नाही. तिने मान हलवली, ती हो अशी.

“साहेब, पडद्याजवळ जाऊन उभे राहा,” मी म्हटले. “बाजूला, सावली पडणार नाही असे. मी थांबवते आणि मोजते. फार तर चार अंक मिळतील. कागदाकडे बघू नका, माणसाकडे बघू नका. माणूस आणि रूळ यांच्या मध्ये बघा. मुलांनो, आज कोणी एक अक्षर बोलायचं नाही.”

फिल्म सुरू केली. खोलीत फक्त प्रोजेक्टरचा आवाज होता. पहिल्या जोडाचा झटका बोटांना लागला, दुसऱ्याचा लागला. तिसऱ्याला मी कळ ओढली.

चित्र थांबले. एक माणूस वाकलेला, त्याच्यापुढे दोन रूळ.

“एक,” मी म्हटले.

साहेबांनी मान पुढे केली.

“दोन.”

त्यांनी बोट उचलून पडद्यावर माणूस आणि रूळ यांच्या मधल्या जागेवर ठेवले.

“तीन.”

मधोमध तपकिरी ठिपका आला. तो बुडबुड्यासारखा फुगला, कडेने पिवळा झाला आणि पसरत गेला. रूळ गेले, माणूस गेला, मग नुसता पांढरा उजेड राहिला. जळका वास सुटला. मी दिवा बंद केला, तोवर त्या जागेची उरलेली चित्रेही वितळून एकमेकांना चिकटली होती. मामांनी खिडकीचा कागद ओढला.

“दिसलं,” साहेब म्हणाले. त्यांनी रुमाल काढला आणि बराच वेळ नाक पुसले. “मध्ये काही नाही. पण आता ते मी एकट्यानेच पाहिलंय.”

“आम्ही पण,” वकीलबाई म्हणाली.

“तुमचं धरता येत नाही,” साहेब म्हणाले.

अहवालात त्यांनी एक ओळ लिहिली. शाळेतील चित्रफितीत सदर यंत्रास जाळी नसल्याचे मी स्वतः पाहिले. चित्रफितीचा तो भाग पाहतेवेळी नष्ट झाला. कारखान्याने हरकत घेतली. साहेबांनी कारखान्याच्या कपाटातली प्रत मागितली. ती सापडत नाही असे कळवण्यात आले. न सापडलेली प्रत आणि जळालेली प्रत यांच्यात बरेच दिवस पत्रव्यवहार चालला. शेवटी कारखान्याने नवा कागद काढला. त्यात ‘चूक कामगाराची’ हे शब्द नव्हते, ‘अपघात’ एवढाच शब्द होता. जाळीचा उल्लेख कुठेच नव्हता, आधीचाही नाही आणि नंतरचाही नाही. मुंगीच्या वडिलांना फाटकावर नेमले. घर राहिले.

तो कागदही यांनीच टाइप केला. महिन्याभरात यांची बदली गोदामात झाली. हे म्हणाले, “हवा चांगली येते तिथे.” प्रोजेक्टर दुरुस्तीसाठी म्हणून कारखान्याने नेला. तो परत येईल असे कोणालाच वाटले नव्हते आणि तो आला नाही. मोठ्या बाईंनी मंगळवारचा तिसरा तास हस्ताक्षराला दिला. मुले काही दिवस वहीवरच मुकी फेरी करत होती, मग तेही थांबले.

एवढ्यावर सगळे मिटले असे मी धरून चालले होते.

पावसाळा संपल्यावर एक दिवस मधल्या सुट्टीत मुंगीचे वडील शाळेत आले. फाटकावरचा खाकी सदरा अंगात, उजवा हात खिशात. मी वर्गात वह्या तपासत होते. मुंगी तिच्या बाकावर डबा खात होती. ते आत आले नाहीत, चौकटीशी उभे राहिले.

“बाई, एक विचारायचं होतं.”

“विचारा ना.”

“त्या फिल्ममध्ये मी होतो म्हणे.”

“म्हणजे? तुम्ही कधी पाहिली नाहीत?”

“कुठून पाहणार? ती शाळेत लागायची. आम्ही पाळीवर.” ते थोडे हसले. “घरात सगळ्यांनी पाहिली. मीच राहिलो. आता तर जळाली.”

“हो,” मी म्हटले. “माझ्या हातून जळाली.”

“ते झालं, बाई. त्याचं काही नाही. मी काय करत होतो त्यात?”

“रुळांत कागदाचं टोक देत होतात.”

“ते रोजचंच. पण कसा?” त्यांनी उजवा हात खिशातून अर्धा बाहेर काढला आणि पुन्हा आत ठेवला. “हात दिसत होता का पूर्ण?”

मी ते दृश्य शंभर वेळा तरी पाहिले असेल. यंत्राच्या चौकटीचा रंग कुठे उडाला होता, मागच्या भिंतीवर किती खिळे होते, वरच्या रुळावर उजेडाची रेघ कुठे पडत होती, सगळे मी झोपेतून उठवले तरी सांगितले असते. माणूस आणि रूळ यांच्या मधली जागा तर मला आजही दिसते. हात आठवेना. साहेबांना सांगितले तेच मी स्वतःही करत आले होते, माणसाकडे बघितले नव्हते.

“दिसत होता,” मी म्हटले. 

“पूर्ण दिसत होता,” मुंगी म्हणाली. तिने डब्याचे झाकण लावले. “आधी तुम्ही कागदावर पालथा हात फिरवलात, असा. मग दोन बोटांत टोक धरलंत. मग अंगठ्यानं दुमडलंत आणि हात पटकन मागे घेतलात. आणि कोणाकडे तरी बघून हसलात.”

“कोणाकडे?”

“ते नव्हतं दाखवलं.”

ते विचार करू लागले. “फोटोवाल्याकडे असेल. तो सारखा सांगत होता, हसू नका, हसू नका.” मग म्हणाले, “परत एकदा सांग. हात कसा?”

मुंगीने उजवा हात बाकावर पालथा ठेवला आणि पुन्हा सगळे करून दाखवले, हळूहळू. ते आत आले, बाकासमोर वाकले आणि डाव्या हाताने तसेच करून पाहू लागले. पालथा फिरवला, दोन बोटांत धरले, अंगठ्याने दुमडले.

“उलटं होतंय, बाबा,” मुंगी म्हणाली.

“डावा आहे ना,” ते म्हणाले, आणि पुन्हा पहिल्यापासून करू लागले.